मूकपटातल्या पोरांनी काय वाजवलं?

आमच्या घरात टीव्हीचा रिमोट वडिलांकडं, वायफायचा पासवर्ड लेकीकडं आणि बिल माझ्याकडं, अशी सत्तेची वाटणी आहे. बायको या वाटणीच्या बाहेर आहे, कारण तिनं स्वयंपाकघरातून नुसतं "बंद करा आता" म्हटलं की सगळ्याच सत्ता एकदम कोसळतात. त्यामुळं त्या रविवारी दुपारी पडद्यावर एक जुना, काळा-पांढरा, परदेशातला मूकपट लागला तो कुणाच्या मर्जीनं, हे आजही ठरलेलं नाही. वडील म्हणतात त्यांनी लावला. लेक म्हणते आपोआप लागला.

वीसेक मिनिटांचा विनोदी सिनेमा होता. नावाजलेला आहे म्हणे. गल्लीतली फाटकी पोरं एका मोठ्या हॉलमध्ये वाद्यांच्या स्पर्धेला जातात. बाकीच्या पोरांकडं व्हायोलिनं, झालरीचे फ्रॉक आणि मागं उभ्या असलेल्या आया. यांच्याकडं एक लाकडी पिंप, कपडे घासायची फळी, नरसाळं लावलेली रबरी नळी आणि कागद गुंडाळलेला कंगवा. परीक्षक एक मिशाळ म्हातारा, चेहरा असा की त्याला एरंडेल पाजूनच खुर्चीत बसवलंय. पोरं वाजवायला लागतात. आधी म्हाताऱ्याचा बूट हलतो, मग गुडघा, मग मिशी. शेवटी सगळा हॉल डोलायला लागतो, पिंपाच्या फळ्या सुटतात, वाजवणारं शेंडेफळ त्या पिंपातच पडतं आणि लोक उभं राहून टाळ्या वाजवतात.

मी पोट धरून हसलो. वडीलही हसले, पण ते मी हसलो म्हणून. त्यांचा चष्मा तेव्हा कपाळावर होता. आमची दहा वर्षांची लेक मात्र हसली नाही. ती टीव्हीच्या अगदी जवळ जाऊन बसली होती.

"बाबा, पण त्यांनी वाजवलं काय?"

"म्हणजे काय? ऐकलंस की. किती छान पियानो होता."

"पियानो कुणाच्या हातात होता?"

मी आठवून पाहिलं. पियानो कुणाच्याच हातात नव्हता.

"तो नंतर कुणीतरी चिकटवलाय," लेक म्हणाली. "पोरांनी काय वाजवलं ते सांगा."

माझ्या वयाच्या बापाला एखादी गोष्ट माहीत नसेल तर तो दोनपैकी एक करतो: मुलाला अभ्यासाला बसवतो, नाहीतर मोबाइल काढतो. मी मोबाइल काढला. त्याच सिनेमाच्या आणखी दोन प्रती सापडल्या. एकीवर लष्करी थाटाचा बँड होता, तर दुसरीवर काहीच नव्हतं, नुसती शांतता. पोरं तीच, पिंप तेच, म्हाताऱ्याचा बूट तोच, आणि गाणं दर वेळी निराळं. मला मोठी गंमत वाटली. इतकी वर्षं लोक एका वाजवण्यावर हसतायत, टाळ्या देतायत, आणि ते वाजवणं ऐकलेलं कुणीच नाही.

"आपल्याकडं असले सिनेमे तंबूत दाखवायचे," वडील म्हणाले. "माझे वडील सांगायचे, पडद्याच्या खाली पेटी आणि तबला घेऊन माणसं बसायची. सिनेमा बघत बघत वाजवायची."

"म्हणजे हा सिनेमा तंबूत आला असता तर या पोरांनी पेटी-तबला वाजवला असता?" लेकीनं विचारलं.

"अलबत."

"आणि त्यांना ते कळलंच नसतं."

यावर वडिलांनी चष्मा डोळ्यांवर घेतला. जन्मभर त्यांनी कोर्टात कारकुनी केली. प्रश्नात दम आहे असं वाटलं की ते चष्मा खाली घेतात. माझ्या बोलण्यावर तो खाली आलेला मला आठवत नाही.

लेक इतकी का हटून बसली होती ते मला त्या दुपारी कळलं नाही, बायकोला कळलं. रात्री भांडी आवरताना तिनं सांगितलं. गेल्या गॅदरिंगला शाळेच्या समूहगीतात लेक मागच्या रांगेत उभी होती. गाणं शिकवणाऱ्या बाईंनी तिला बाजूला घेऊन सांगितलं होतं, "बाळा, तू आवाज काढू नकोस, नुसते ओठ हलव." तिनं सबंध गाणंभर ओठ हलवले. आणि घरी आल्यावर आम्ही काय केलं? मी म्हणालो, "तुझा आवाज सगळ्यांत खणखणीत येत होता." वडील म्हणाले, "मी तर डोळे मिटून ओळखला." बायकोनं व्हिडिओ सगळ्या नातेवाइकांना पाठवला, आणि लातूरच्या आत्यानं तर उत्तर पाठवलं की पोरीनं घराण्याचं नाव काढलं.

घराण्याबद्दल सांगायचं तर आमच्याकडं पूर्वी भिक्षुकी होती, मग कारकुनी आली. सूर कधीच आला नाही. पणजोबांनी मंत्र सुरू केले की यजमान दक्षिणेची घाई करायचे, असं वडील अभिमानानं सांगतात. तेव्हा आत्याचं म्हणणं एका अर्थी खरंच होतं.

"तुला कधी सांगितलं तिनं?" मी विचारलं.

"आज. सिनेमा झाल्यावर," बायको म्हणाली. "म्हणते, ती पोरं पण माझ्यासारखीच आहेत. एवढ्या टाळ्या मिळाल्या आणि ऐकलं कुणीच नाही."

दुसऱ्या दिवशी लेकीनं जाहीर केलं की गणपतीत आमच्या गल्लीच्या मंडपात जो मुलांचा कार्यक्रम असतो, त्यात ती त्या सिनेमातलं गाणं वाजवणार आहे. कुठलं गाणं, असं मंडळाच्या काकूंनी विचारलं तेव्हा ती म्हणाली, "ते शोधणं चालू आहे."

मग शोध सुरू झाला. वडिलांनी सूत्रं हातात घेतली. "आवाज नाही, ठीक आहे. पण पुरावा तर आहे," ते म्हणाले, आणि पुरावा म्हणजे म्हाताऱ्याचा बूट. सिनेमा बिनआवाजी लावून आजोबा आणि नात बूट बघत बसायचे. बूट दोनदा सावकाश आपटायचा, मग एकदा चटकन. वडील सोफ्याच्या हातावर तो ठेका धरायचे. पुंडलिकनगरात त्या आठवड्यात आमच्याकडं जो कुणी आला, त्याला चहाच्या आधी तो बूट बघावा लागला. गॅसवाल्यानंही बघितला. तो म्हणाला, "बूट टाइट झालाय त्यांना."

ताल असा मिळाला. सूर कुठून आणायचा? आणि कशावर वाजवायचा? पिंप आणि फळी शोधायला मी मुकुंदवाडीला भंगारच्या दुकानात जाऊन आलो आणि एक फुटका लाउडस्पीकर घेऊन परत आलो, तो का, हे मला सांगता येणार नाही. बायकोनं तो बघितला आणि काहीच बोलली नाही. तिचं न बोलणं मला पुरेसं ऐकू येतं.

वाद्यं शेवटी घरातच निघाली. आमच्या शहरात नळाला पाणी रोज येत नाही. आठवडा होतो, कधी त्याहून जास्त. त्यामुळं कुठल्याही घरात माणसांपेक्षा पाण्याची भांडी जास्त: निळे ड्रम, हंडे, कळशा, बादल्या, आणि पाहुण्यांसाठी ठेवलेली पातेलीसुद्धा. एकदा कळशीतून तांब्या बुडवून घेताना लेकीच्या लक्षात आलं की कळशीला तांब्या लागला की आज जो आवाज येतो तो परवासारखा नाही. परवा जाडा होता, आज बारीक. तिनं सगळी भांडी चमच्यानं वाजवून बघितली. पाणी जास्त असलं की सूर खाली बसतो, उपसलं की वर चढतो.

"म्हणजे आपल्या घरातलं गाणं रोज बदलतं," ती म्हणाली.

त्या दिवसापासून आमच्या घरात नुसतं पाणी पिणं बंद झालं. तांब्या भरला की कुणीतरी ओरडायचं, "मधल्या कळशीतून घेऊ नका, ती बरोबर लागलीये." लेकीनं बायकोच्या नेलपॉलिशनं प्रत्येक भांड्याच्या आत एकेक लाल रेघ मारली. पाणी त्या रेघेपर्यंत असलं की सूर बरोबर. वरच्या मजल्यावरचा मुलगा ड्रम वाजवायला आला. त्याच्या ड्रममध्ये तळाला वीतभर पाणी ठेवलं की 'धुम्म' असा मस्त आवाज यायचा. कंगवा आणि कागद घेऊन आली लेकीची वर्गातली मैत्रीण, मागच्या गल्लीतली. तिचे वडील रिक्षा चालवतात. मूळचे पडेगावच्या पलीकडचे, मेंढरं राखणारं घर. तिची आजी अजून चार शेळ्या बाळगून आहे आणि दुपारी आमच्या शेजारच्या मोकळ्या प्लॉटवर चारते. आजी कुंपणावरून तालीम ऐकायची.

"कुणाचं लगीन हाय?" तिनं पहिल्या दिवशी विचारलं.

"लग्न नाही आजी, सिनेमातलं गाणं आहे."

"व्हय? मंग एवढं उदास का?"

पोरांनी एकमेकांकडं बघितलं आणि ठेका वाढवला. अशा रीतीनं तो शोध पुढं सरकत होता.

कार्यक्रमाच्या दिवशी मी अर्ध्या दिवसाची रजा टाकली. बायको ऑफिसात, पोरं मंडपात जागा बघायला गेलेली, वडील दुपारचे पडलेले. वाद्यं पोर्चमध्ये ओळीनं मांडून ठेवलेली, आपापल्या लाल रेघेपर्यंत भरून. आणि तीनच्या सुमाराला नळाला घरघर लागली.

जे या शहरात राहत नाहीत त्यांना ही घरघर समजायची नाही. माणूस हातातलं सगळं टाकून उठतो. मी उठलो. वडील झोपेतच म्हणाले, "नळ आले." मी पाइप लावला, टाकी भरली, मोठे ड्रम भरले, बादल्या भरल्या, पातेली भरली, आणि मग पोर्चमध्ये एवढी भांडी अर्धवट रिकामी दिसल्यावर तीही काठोकाठ भरली. कळशा भरल्या, हंडा भरला, वरच्या पोराचा ड्रम भरला. एक थेंब वाया जाऊ दिला नाही. नंतर पंच्यानं हात पुसत मी त्या ओळीकडं बघितलं आणि मला स्वतःचा फार अभिमान वाटला. चहा ठेवला.

लेक चारला आली. पोर्चमध्ये थांबली. चमचा उचलून तिनं मधल्या कळशीला लावला. 'थप'. शेजारच्या हंड्याला लावला. 'थप'. ड्रमवर तर आवाजच नाही, जणू भिंतीला टकटक केली.

"बाबा, हे कुणी केलं?"

"नळ आले होते," मी म्हणालो. यापेक्षा मोठं समर्थन आमच्या गावात नाही, आणि तेच तिच्याही लक्षात आलं असावं, कारण ती ओरडली नाही. ती पायरीवर बसली. मला तिचं ओरडणं चाललं असतं.

"ओतून देऊ," मी म्हणालो.

तेवढ्यात बायको गेटमधून आत आली. ती लवकर निघाली होती, लेकीसाठी. तिनं पायरीवरची लेक बघितली, भरलेली ओळ बघितली, मला बघितलं, आणि सगळी हकीकत तिला न सांगता कळली. "पाणी ओतायचं नाही," ती म्हणाली. "वापरायचं असेल तर वापरा."

दुसऱ्या भांड्यात काढून ठेवायचं म्हणून मी शेजारी गेलो, समोर गेलो, वरच्या मजल्यावर गेलो. पण नळ आमच्या एकट्याच्या घरी आले नव्हते. त्या दुपारी सगळ्या गल्लीत एक वाटी रिकामी नव्हती. समोरच्या काकूंनी तर थर्माससुद्धा भरून ठेवला होता. शेवटी मला वाटलं आपल्याला युक्ती सुचली, आणि मी कुंपणापाशी जाऊन शेळ्यावाल्या आजींना म्हणालो, "आजी, शेळ्यांना पाणी पाजायचं का? भरपूर आहे."

आजींनी माझ्याकडं दयेनं बघितलं. "साहेब, पावसाचं हिरवं खात्यात त्या. तुमाला तहान लागली तर तुमी प्या."

मग आम्ही वापरायला लागलो. वडिलांनी दुसऱ्यांदा आंघोळ केली आणि स्वातंत्र्यसैनिकाच्या तोऱ्यात बाहेर आले. मी स्कूटर धुतली, जिना धुतला, खिडक्या धुतल्या. बायकोनं पडदे भिजवले, जे दिवाळीला भिजायचे होते. लेक आणि तिची मैत्रीण दर दोन मिनिटांनी लाल रेघ बघून येत होत्या. कळशा जमल्या. ड्रम काही हटेना.

"मंडपात भांडी घासायचीत," वरचा मुलगा पळत येऊन म्हणाला. दुपारी मंडपात महाप्रसाद झाला होता, आणि तिथं नळ नाही. बायकोनं मान हलवली: हे वापरणं होतं. मग बादल्यांची रांग लागली. आम्ही भरून नेत होतो आणि भांडी घासणाऱ्या बाया आनंदानं घेत होत्या. त्या इतक्या आनंदात होत्या की आमचं लक्ष नसताना दोघीजणींनी येऊन बाकीची भांडीही नेली आणि उपसून परत आणून ठेवली. अंधार पडता पडता सगळी वाद्यं मंडपात पोचली होती, आणि सगळीच्या सगळी कोरडी होती.

रांगेत आमच्या आधी आठ नाच होते. आठही रेकॉर्डवर. साउंडवाला मुलांना एकेक करून विचारत होता. लेकीपाशी आला तेव्हा म्हणाला, "बेटा, गाना किधर है? पेनड्राइव में है क्या?"

"गाणं नाहीये. आम्ही वाजवणार."

"वो तो ठीक है. पर गाना किधर है?"

मी मधे पडणार होतो, वडिलांनी माझा शर्ट धरला.

स्टेजवर तिघं आली. समोर सगळी गल्ली, प्लॅस्टिकच्या खुर्च्यांवर, अर्धे लोक मोबाइलमध्ये. लेकीनं घरून आणलेली एक भरलेली बादली मधे ठेवली आणि तांब्यानं पहिल्या कळशीत पाणी घालून चमचा मारला. कान लावला. आणखी घातलं. पुन्हा मारला. रेघ मंडपाच्या दिव्यात तिला दिसत नव्हती, त्यामुळं ती नुसती ऐकत होती. लोकांना वाटणार पोरगी भांडी भरतीये. मागून एक पोरगं म्हणालंच, "इथं पण नळ आले का रे?" सगळे हसले.

ती थांबली. मग तिनं माइकपाशी तोंड नेऊन सांगितलं, "या कळशीचा आवाज अजून बसला नाहीये. तुम्ही बोललात तर मला ऐकू येत नाही."

रागानं नव्हतं ते, अडचण सांगावी तसं होतं. हळूहळू मंडप गप्प झाला. साउंडवाल्यानं माइक बंद केला, कारण तो घुमत होता. तिनं पुन्हा चमचा मारला आणि पहिल्यांदा कळशीचा सूर मला मागच्या रांगेत ऐकू आला. समोरच्या काकू म्हणाल्या, "थोडं जास्त झालं बाई." लेकीनं तांब्याभर काढलं. "आता?" "आता बरं." दुसऱ्या कळशीला कुणी म्हणालं अजून घाल, कुणी म्हणालं नको. दोन काकांचं त्यावरून लागलं. हंड्यापर्यंत आलं तोवर पुढच्या रांगेतले लोक खुर्च्या ओढून स्टेजला टेकले होते, आणि मोबाइल कुणाच्याच हातात नव्हता. गाणं अजून सुरू झालेलं नव्हतं.

मग सुरू झालं. दोन सावकाश, एक चटकन. ड्रम घुमला, कंगवा मधमाशीसारखा गुणगुणला आणि कळशांवरून लेकीचे चमचे धावायला लागले. चाल तिनंच रचलेली होती, मी ती घरी शंभरदा तरी ऐकली असेन, पण तुकड्या-तुकड्यात, आणि मधे कुणीतरी पाणी मागत असताना. सलग मी ती त्या संध्याकाळीच ऐकली. मधे कंगव्याचा कागद फाटला. मैत्रिणीनं न थांबता तोंडानंच गुणगुण चालू ठेवली. संपलं तेव्हा टाळ्या झाल्या, सिनेमातल्यासारखं कुणी उभं वगैरे राहिलं नाही, पण झाल्या, आणि त्यांना आवाज होता.

खरी मजा पुढं झाली. समोरच्या काकू म्हणाल्या, ही तर त्यांच्या आईची जात्यावरची ओवी. एका काकांनी ठामपणे एका जुन्या हिंदी गाण्याचं नाव घेतलं. शेळ्यावाल्या आजी मागं उभ्या होत्या. त्या म्हणाल्या, "आमच्यात ढोलावर हेच वाजिवत्यात," आणि साउंडवाला म्हणाला, ये तो कव्वाली का ठेका है. प्रत्येकानं आपापलं ऐकलं होतं.

"नक्की कुठलं गं?" काकूंनी विचारलं.

"माहीत नाही," लेक म्हणाली. "ज्यांचं आहे त्यांनी काय वाजवलं ते कुणालाच माहीत नाही. आम्ही शोधत होतो."

घरी येताना मी दोन कळशा धरल्या होत्या आणि ती हंडा. वडील आणि बायको पुढं होते. लेकीनं हंडा या काखेतून त्या काखेत घेतला. मग म्हणाली, "बाबा, तुम्हाला कसं वाटलं?"

अप्रतिम, खणखणीत, घराण्याचं नाव काढलं, हे सगळं माझ्या जिभेवर तयार होतं. ते गिळायला मला गल्लीचं वळण लागलं.

"मधे तुझी डावी कळशी मागं पडली," मी म्हणालो. "ड्रम पुढं गेला आणि तू नंतर आलीस."

तिनं हंडा खाली ठेवला आणि माझ्याकडं बघितलं.

"कुठं? कागद फाटला तिथं का?"

"नाही, त्याच्या आधी. काकू टाळी द्यायला लागल्या तिथं."

"हां," ती म्हणाली. "तिथं मी घाबरले होते. मला वाटलं फक्त मलाच कळलं." मग हंडा उचलून ती चालायला लागली, आणि घर येईपर्यंत आणखी कुठं कुठं चुकलं ते मला एकामागून एक विचारत राहिली.